डावखुऱ्यांचं गाव

खरं सांगायचं तर तिचं टायपिंग वाईट होतं, म्हणूनच मी तिला घ्यायला हो म्हणालो. मॅडमनी विचारलं, "कशी वाटली?" मी म्हटलं, "चालेल की. शिकेल हळूहळू." मनात म्हटलं, बरंय, ही काही आपल्या डोक्यावर बसायची नाही. माणूस आपल्याच पायावर धोंडा पाडून घेतो तो असा, हसत हसत.

नव्वदच्या दशकाचा मधला काळ. वाशीत एका सेक्टरमध्ये खाली झेरॉक्सचं दुकान आणि वर आमचं ऑफिस. दोन खोल्या, एक एडिटिंगचं मशीन आणि छतापर्यंत रचलेल्या टेपा. मॅडम माहितीपट काढायच्या. पन्नाशीच्या, सुती साडीतल्या, आणि आवाज असा की यांना फोन कशाला लागतो असं वाटावं. त्यांनी नव्या शहरावर एक तासाची फिल्म घेतली होती. हे शहर वसण्याआधी इथं काय होतं, आणि वसताना कुणाचं काय गेलं. आता 'आधी' काय होतं ते शूट कसं करणार? तिथं बिल्डिंगी उभ्या. ते जुन्या फिल्ममधूनच हुडकून आणायला लागतं. ते हुडकणारा माणूस म्हणजे मी.

हे काम कुणाला धड कळत नाही. माझे वडील साताऱ्याकडून आलेले, मार्केटात माथाडी. त्यांना मी दहा वेळा सांगितलं असेल. ते म्हणायचे, "म्हंजे दुसऱ्यानं काढलेला शिनेमा तू हुडकतोस. आरं, मग तू काय केलंस त्यात?" काय केलं? सरकारी गोदामं पालथी घातली, बंद पडलेल्या स्टुडिओंची कपाटं उघडली, लोकांच्या माळ्यावरचे गंजके डबे खाली काढले. डबा उघडल्यावर व्हिनेगरसारखा आंबूस वास आला की समजायचं, फिल्म सडायला लागली, घाई करा. मग ती टेबलावर लावून शॉट न् शॉट वहीत उतरवायचा. काय दिसतं, किती सेकंद, कुठलं गाव, कुठला महिना. गाव आणि महिना चुकला की सगळंच चुकलं. मॅडम म्हणायच्या, दुसऱ्याच गावाचं चित्र दाखवून हे तुमचं म्हणालास, तर ती थाप झाली.

तर या वह्या टाइप करायला ती आली. बावीस-तेवीसची, खाडीकाठच्या गावातली, आगरी. तिच्या घरची भातशेती आणि मिठागरात मजुरीला जाणं, दोन्ही शहराच्या पोटात गेलेलं. गावठाण राहिलं होतं, पण खाडीकडचा अख्खा पाडा उठवला होता, आणि त्यात यांचं जुनं घर होतं. मला ती पहिल्या दिवसापासून 'दादा' म्हणायची. मला काय, बरंच वाटलं.

चौथ्या दिवशी म्हणाली, "दादा, इथं तुमी भातलावणी लिवलंय. ही लावणी नाय."

"मग काय आहे?"

"हातात रोप कुठाय? ह्या बाया मिठागराचा तळ तुडवतात. पाऊस संपल्यावर तुडवतात, दिवाळीच्या अंगाला. तुमी आषाढ लिवलाय."

मी तो शॉट तीन वेळा बघून लिहिला होता. चिखल, रांगेनं बायका, वर केलेली लुगडी. साताऱ्याच्या डोळ्याला ती लावणीच. मी काही बोलायच्या आत मागून मॅडमचा आवाज, "अरे वा! हिला बसव रे तुझ्याबरोबर टेबलावर." झालं. टायपिंगला दुसरी मुलगी आली आणि ही माझ्या शेजारच्या खुर्चीत.

मग सुरू झालं ते. मॅडम विचारायच्या, "ती पूल बांधतानाची बैलगाडी कुठल्या डब्यात होती रे?" मी वही काढतोय, चष्मा पुसतोय, तोवर ही, "तेवीस नंबर. होडी संपली की लगेच." एकदा नाही, दहादा. मी कार्डं केली होती, रंगीत, विषयवार. तिला कार्डं लागायचीच नाहीत. बांधावरचं पाणी बघून सांगायची की भरती आहे का ओहोटी. बाईचं लुगडं बघून सांगायची की ही आमच्याकडची नाय, उरणकडची हाय. मी दोन वर्षं गोदामांची धूळ खाल्ली, आणि ही जन्माला येतानाच सगळं घेऊन आलेली. तळपायाची आग मस्तकात जायची माझ्या. मी तिला पाण्यात बघायला लागलो, हे आज कबूल करायला काय हरकत आहे?

एकदा मी मुद्दाम नसलेला शॉट विचारला. म्हटलं, ती नारळ सोलणारी म्हातारी, मांडीवर मांजर, कुठल्या डब्यात? पाच सेकंद डोळे मिटले तिनं. "नाय दादा, अशी म्हातारी आपल्याकडं नाय. दुसऱ्या कुठल्या फिल्ममदी बघितली असंल तुमी." आणि हे इतक्या मायेनं! हलकट कुठली, असं मी म्हणालो. मनात. एकदा तिची वही पिशवीत घालून जुईनगरला घरी घेऊन आलो, दोन दिवस ठेवली. तिला वही नसल्याचा पत्ताही लागला नाही. वर दुपारी डब्यातलं जवळ्याचं कालवण माझ्याच ताटात आधी वाढायची. मी खायचो. जळत जळत खायचो, पण खायचो.

अशाच एका जेवणात तिनं आईचं सांगितलं. आईला वर्षभरापासून थोडं विसरायला होत होतं. नातवाला मुलाच्या नावानं हाक मारायची, दूध उतू जाऊ द्यायची. त्यावरून हिच्या दोन्ही भावांनी ठरवूनच टाकलं की म्हातारीचं डोकं गेलं. तिला गॅसला हात लावू देत नव्हते, एकटीला बाजारात सोडत नव्हते. आई चिडायची. मग भाऊ तिची परीक्षा घ्यायचे: सांग, आपल्या जुन्या पाड्यात देऊळ कुठं होतं? ती सांगायची, खाडीकडं तोंड केलं की गावदेवीचं देऊळ उजव्या हाताला, विहीर डाव्या. भाऊ हसायचे, म्हणायचे, उलटं सांगतेयस. पाडा उठला तेव्हा ते दोघे शेंबडी पोरं होती, पण घरात कर्ते तेच. "आई म्हनते, तुज्या हापिसात जुनं पिच्चर हायत ना? त्यात बगू, मंग बोला. रोज इचारते मला, गावला का आपला पाडा?" तिच्या डोळ्यात पाणी आलं होतं. मी म्हटलं, "बघू, सापडेल." आणि मनात ठरवलं, सापडला तर मलाच सापडला पाहिजे.

कारण त्याच आठवड्यात मॅडमनी जाहीर केलं होतं: फिल्मच्या शेवटी नावांची पाटी येते, तिच्यावर अर्काइव्ह संशोधन, म्हणजे जुनी फिल्म हुडकणारा, म्हणून एकच नाव जाणार. दोघांनी मिळून वगैरे काही नाही. आणि पुढची फिल्म मोठी होती, वर्षभराची, देशभर फिरायचं होतं. पाटीवर ज्याचं नाव, तोच तिकडं.

मी कुत्र्यासारखा हुंगत सुटलो. पनवेलला एक जुने डॉक्टर होते असं कळलं. होडीनं खाडीकाठच्या गावांत जाऊन औषधं द्यायचे, आणि छोट्या फिल्मच्या कॅमेऱ्यावर चित्रण करायचा नाद होता. डॉक्टर कधीच गेले होते. मी त्यांच्या सुनेला चार वेळा भेटलो, माळा साफ करून दिला, आणि पत्र्याच्या पेटीत तीन डबे मिळाले. एकावर डॉक्टरांच्या अक्षरात तिच्या गावाचं नाव. मी तिला सांगितलं? नाव नको. मॅडमना सांगितलं, दोन दिवसांनी काहीतरी दाखवतो, आणि एकटाच डबा घेऊन मुंबईच्या लॅबमध्ये गेलो, फिल्म टेपवर उतरवून घ्यायला.

आता इथं थोडं नीट ऐका, कारण सगळं घोडं इथंच पेंड खातं. फिल्मची एक बाजू चकचकीत असते, एक मसाल्याची, म्हणजे ज्या लेपावर चित्र उमटतं ती. मसाल्याची बाजू ओळखायची जुनी रीत म्हणजे कडेला ओठ लावायचा. चिकटते ती मसाल्याची. लॅबमधला ऑपरेटर विचारतो, मसाला कुठल्या अंगाला घेऊ? कारण उलटा घेतला तर चित्र दिसतं छान, फक्त आरशात बघितल्यासारखं, डावं उजवीकडं. मी दोन वर्षं ज्या फिल्म्स हाताळल्या त्या सगळ्या छापलेल्या प्रती. त्यात मसाला एका ठरलेल्या अंगाला. पण डॉक्टरांची फिल्म ही प्रत नव्हतीच, ते थेट कॅमेऱ्यातून निघालेलं मूळ रीळ होतं, आणि मूळ रिळात तो नेमका दुसऱ्या अंगाला असतो. मला हे ठाऊक नव्हतं का? होतं. मी इतरांना, हिलासुद्धा, शिकवलं होतं. पण त्या दिवशी डोळ्यांपुढं पाटी दिसत होती, आणि पाटीवर माझं नाव. ओठ लावला, चिकटलं, आणि ऐटीत म्हणालो, "नेहमीसारखं घ्या." अतिशहाणा त्याचा बैल रिकामा.

टेप ऑफिसात लावली तेव्हा मॅडम खुर्चीवरून उठल्या. डॉक्टरांनी टेकडीवरून खाडीकडं कॅमेरा धरला होता. खाली पाडा, कौलं, देऊळ, विहिरीवर बायका, पुढं भातकापणी, विळे लखलखताहेत. मॅडमनी माझ्या पाठीत धपका घातला. "जिंकलास रे! आता नाव कुणाचं, हे विचारायलाच नको." मी तिच्याकडं बघितलं. ती टीव्हीच्या अगदी जवळ जाऊन बसली होती, तोंडावर हात. म्हटलं, जळ आता जरा तूही.

दुसऱ्या दिवशी मॅडम बाहेर गेल्यावर ती माझ्या टेबलाशी आली. "दादा, एक इचारू? हे मूळ रीळ हाय का प्रिंट?"

"का?"

"सगळी मानसं डावखुरी हायत ना. विळा डाव्या हातात. शर्टाचा खिसा उजवीकडं. आमच्या पाड्यात डावखुरा एकच, माझा मामा. आनि तो बगा, तिसरा, तो एकटा उजव्या हातानं कापतोय." ती हसली. टोमणा नव्हता तिच्या हसण्यात, मामा दिसल्याचा आनंद होता. "मी घरी काय बोलले नाय. आईला सरळ झाल्यावरच दाखवू. मॅडमना तुमीच सांगा, रीळ तुमी आनलंय."

आता कुणी शहाणा माणूस काय करेल? मी म्हणालो, "तू शिकवणार मला? जा, आपलं काम कर."

ती गेली. संध्याकाळी मी डबा काढला, उजेडात धरला आणि बघितलं. तिचं अक्षर न् अक्षर खरं होतं. लॅबमध्ये पुन्हा जायला एक सकाळ पुरे झाली असती. पण मॅडमना काय सांगू? त्या तर फोनवर सगळ्यांना सांगत होत्या, आमच्या मुलानं काय शोधलंय बघा. आणि चूक पकडली कुणी? हिनं. म्हणजे नाव गेलं. उद्या सांगू, परवा सांगू, असं करत आठ दिवस गेले. म्हातारीची आठवण आली नाही असं नाही. आली. मी ती बाजूला सारली.

मॅडमची एक रीत होती. फिल्म पक्की करायच्या आधी, जी माणसं आणि गावं तिच्यात दिसतात त्यांना ती दाखवायची. रविवारी दुपारी आम्ही या मुलीच्या घरी गेलो. नवं तीन मजली घर, तळमजल्यावर मोठी खोली, टीव्ही, व्हीसीआर. शेजारपाजारची पंधरा-वीस माणसं. मध्ये आई, धुतलेलं लुगडं नेसून, डोक्यात अबोलीचा वळेसर माळून, लग्नाला आल्यासारखी. दोन्ही भाऊ मागं भिंतीला टेकून. ती धावत आली, पाणी दिलं, आणि हळूच विचारलं, "सरळ झाली ना दादा?"

मी म्हणालो, "बघ की."

पाडा पडद्यावर आला आणि खोलीत आवाजच आवाज. आगं ते बग, ती बग. आई पुढं सरकली. मग थांबली. देऊळ डाव्या हाताला होतं. विहीर उजव्या.

मोठा भाऊ टाळी देत म्हणाला, "बगितलंस आये? आमी काय सांगत व्हतो?"

"तसं नाय," आई म्हणाली. "देऊल ह्या हाताला." तिनं स्वतःचा उजवा हात उचलून बघितला, मग डावा. शेजारची तिच्याच वयाची बाई म्हणाली, "आसंल बाय तसंच. पिच्चर का खोटा बोलल?" म्हातारी मागं सरकली. वाद नाही, चिडणं नाही. हात मांडीवर ठेवले आणि नुसती खाली बघत राहिली. पडद्यावर तिचं सगळं गाव चाललं होतं आणि ती बघत नव्हती. इतक्या हलक्या आवाजात म्हणाली की मी जवळ होतो म्हणून ऐकू आलं, "गेलं म्हंजी माजं डोकं."

मुलीनं माझ्याकडं बघितलं. शिवी दिली असती तरी परवडली असती. मी नजर टीव्हीकडं वळवली. ती वाट बघत थांबली नाही. आत गेली आणि मोरीजवळच्या भिंतीवरचा आरसा काढून घेऊन आली, हातभर मोठा, कोपऱ्यात कुणाच्या तरी टिकल्या चिकटवलेल्या. टेप मागं घेतली. आईला खांद्याला धरून टीव्हीकडं पाठ करून बसवलं आणि आरसा तिच्यापुढं धरला.

"आय, आता ह्यात बग."

पाडा पुन्हा आला. आई बघत राहिली. एक बोट वर झालं. "ह्ये देऊल." उजवीकडं. "ही हीर." डावीकडं. "ही वाट, ह्या वाटेनं आमी पान्याला जायचू. आनि हा, ह्यो बग, तुजा मामा, डाव्या हातानं कापतंय!" सगळी खोली उठली आणि टीव्ही सोडून आरशापुढं गर्दी. दोन्ही भाऊसुद्धा माना वाकड्या करून आरशात बघायला लागले. मोठ्यानं देऊळ बघितलं, विहीर बघितली, आणि तो भिंतीशी परत गेला.

मॅडमनी मला विचारलं, "हे काय आहे?"

"रीळ मी उलटं लावलं." बोललो शेवटी, आणि सगळ्यांना ऐकू जाईल असं बोललो. "हिनं आठ दिवसांपूर्वीच सांगितलं होतं. मी ऐकलं नाही."

म्हातारीनं मान वळवली. "का?"

बाकी कुणी विचारलं असतं तर थाप मारली असती. "जळत होतो तुमच्या पोरीवर. तिला माझ्यापेक्षा जास्त येतं."

तिनं मला खालपासून वरपर्यंत न्याहाळलं. मला वाटलं, आता हिनं कानाखाली द्यावी, मोकळा तरी होईन. "येवडंच?" म्हणाली. "आनि मना वाटलं, मी येडी जाली." आणि हसायला लागली, डोळे पुसत, पदर तोंडात धरून हसायला लागली. मग मोठ्या मुलाकडं बघून, "उद्यापासून च्या मी करनार. कोन आडवा येतं ते बगते." मग मला, "लाव परत. आनि तू धर आरसा. माज्या पोरीचं हात दुकलं असतील."

मी आरसा धरला. म्हातारीनं तीनदा लावायला सांगितलं, मी तीनदा धरला. आरसा धरणाऱ्याला दिसते ती फक्त आरशाची पाठ, खिळ्याची दोरी आणि फळीवरची धूळ. चार वेळा पनवेलला जाऊन मी जे गाव आणलं होतं, ते सगळ्या खोलीला दिसत होतं, मला सोडून. ती आईला चिकटून बसली होती, गालाला गाल लावून, आणि आई तिला एकेक घर सांगत होती. खरं सांगतो, मला तेव्हाही हेवा वाटला. आरसा आणायचं मला का सुचलं नाही, याचा तर सगळ्यात जास्त.

मॅडम शेजारी येऊन उभ्या राहिल्या. वही उघडली. "उद्या सकाळी लॅबमध्ये जा, नीट करून आण. हिला घेऊन जा." पेन कागदावर टेकवलं. "आणि पाटीवर कुणाचं नाव टाकू? तूच सांग."

हात भरून आले होते. मोठेपणा वगैरे काही नव्हता माझ्यात, आजही नाही. मी म्हणालो, "तिचं." तोंडातून गेलं आणि लगेच वाटलं, परत घ्यावं, म्हणावं, दोघांचं टाका. मॅडमनी लिहून घेतलं आणि वही मिटली.

"आरं, जरा खाली धर," म्हातारी आरशातून नजर न काढता म्हणाली, "खाडी दिसंना."

मी खाली धरला.